मावशीचं उजेडपाणी : नेवासे ते आळंदी, सहा दिवस

दिवस पहिला : नेवासे

काचबिंदू म्हणजे डोळ्यातल्या पाण्याचा आजार, हे मावशीला झाला तेव्हा मला पहिल्यांदा कळलं. डोळ्याच्या पुढच्या भागात सतत थोडं थोडं पाणी तयार होत असतं आणि एका बारीक जाळीतून निघून जात असतं. ती वाट अडली की पाणी साचतं, दाब वाढतो आणि मागच्या नेत्रमज्जेचे, म्हणजे दिसल्याचा निरोप मेंदूकडे नेणाऱ्या नसेचे, धागे एकेक करून मरत जातात. मेलेले धागे परत येत नाहीत. उरलेले टिकवण्यासाठी दाब कमी करायचा, म्हणून सकाळ-संध्याकाळ थेंब.

मावशीने तीस वर्षं शाळेत संस्कृत शिकवलं. डॉक्टरांकडे नंबर येईपर्यंत तासन्‌तास बसावं लागे, तेव्हा तिने एक वही सुरू केली आणि त्या वहीत स्वतःचं एक दर्शन मांडलं. 'सहा दर्शनं आहेतच, हे आपलं सातवं,' ती म्हणायची, आणि ते अगदी मनापासून म्हणायची. नाव ठेवलं 'उजेडपाणी'. त्याची सूत्रं तीन. पहिलं : उजेड दिसत नाही, तो ज्याच्यावर पडतो ते दिसतं. दुसरं : पाणी उजेड धरून ठेवत नाही, परत देतं. तिसरं : उजेड आणि पाणी जिथे भेटतात तिथे जाणीव.

गेल्या तपासणीत तिचं दिसण्याचं क्षेत्र आणखी आकसल्याचं निघालं. आता ती जग एखाद्या नळकांड्यातून पाहावं तसं पाहते. समोरचं स्पष्ट, कडेचं काहीच नाही. घरी आल्यावर म्हणाली, "अगं, दिसतंय तोवर माझी सूत्रं पाण्यापाशी नेऊन तपासून घेऊ. चल माझ्याबरोबर." मी रजा टाकली.

सुरुवात नेवाशापासून करायची हे तिनेच ठरवलं. शके 1212, म्हणजे 1290 साली, प्रवरेकाठच्या या गावात ज्ञानेश्वरी सांगून पूर्ण झाली. ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वर बसत असं परंपरा सांगते, तो पैस खांब आता मंदिराच्या आत आहे. मी त्याला हात लावून नमस्कार केला आणि बाजूला झाले. मावशी मात्र त्याच्यासमोर बसूनच राहिली. खांबावर जुना कोरीव लेख आहे. करवीरेश्वराच्या देवळातला दिवा अखंड तेवत राहावा, म्हणून तेलासाठी दिलेल्या दानाचा तो लेख. वाट पुसत गेल्यासारखी तिची बोटं अक्षरांवरून फिरत होती. "बघ ना," ती म्हणाली, "एवढा ग्रंथ ज्या खांबाशी सांगितला, त्या खांबावर लिहिलंय काय, तर दिव्याला तेल घाला."

दुपारी बाहेर मंडपात उदबत्तीचा धूर रेंगाळला होता आणि वरच्या झरोक्यातून उन्हाचा एक तिरका पट्टा आत आला होता. धूर होता तिथे पट्टा दिसत होता, धूर विरला की पट्टाही नाहीसा होत होता. ऊन तर तिथेच होतं, तसंच आत येत होतं. आपल्या डोळ्यांच्या दिशेने न येणारा उजेड आपल्याला दिसतच नाही. धुराचे कण त्यातला थोडा आपल्याकडे वळवतात तेवढाच कळतो. पहिलं सूत्र तपासून झालं. मावशीने मला वहीत तारीख घालायला लावली.

दिवस दुसरा : प्रवरासंगम

टोक्याला प्रवरा गोदावरीला मिळते. जायकवाडीच्या धरणाचा फुगवटा इथपर्यंत येतो, त्यामुळे जानेवारीतही पात्र भरलेलं होतं आणि पाणी जवळजवळ थांबलेलं. सिद्धेश्वराचं दगडी देऊळ पाहून आम्ही घाटावर उतरलो. पायऱ्या सरळ पाण्यात गेलेल्या. किती पायऱ्या पाण्याखाली आहेत ते वरून कळत नव्हतं, कारण पाण्यात आकाश होतं.

इथे मावशीने पुन्हा वर्ग घेतला, आणि मी खूप वर्षांनी तिची विद्यार्थिनी झाले.

पाण्यातल्या सूर्याचा दृष्टान्त वेदान्तात फार जुना आहे. चैतन्य एकच, सूर्यासारखं. मनं अनेक, पाण्याने भरलेल्या भांड्यांसारखी. प्रत्येकात एकेक प्रतिबिंब, आणि त्या प्रतिबिंबाला आपण 'मी' म्हणतो. पाणी हललं की प्रतिबिंब हलतं, सूर्याला त्याचं काही नाही. ब्रह्मसूत्रांत तिसऱ्या अध्यायाच्या दुसऱ्या पादात 18 वं सूत्र हीच उपमा देतं. पण मावशीचा सगळा जीव 19 व्या सूत्रात. तिथे लगेच शंका येते : सूर्याला आकार आहे, पाणी त्याच्यापासून लांब आहे, म्हणून प्रतिबिंब पडतं, आत्म्याला ना आकार, ना त्याच्यापासून लांब असं काही, मग ही उपमा लागू कशी? आणि 20 वं सूत्र उत्तर देतं की उपमा एवढ्यापुरतीच घ्यायची : पाण्याबरोबर वाढल्या-घटल्यासारखं दिसणं. शंकराचार्य त्यावर लिहिताना म्हणतात की दृष्टान्त सगळ्याच बाजूंनी जुळला तर तो दृष्टान्तच राहणार नाही.

"किती प्रामाणिक माणसं," मावशी म्हणाली. "उपमा दिली आणि दुसऱ्याच श्वासात तिच्यावर शंका घेतली."

मग मी माझा पोलराइज्ड चश्मा तिला घातला. पाण्याच्या पृष्ठावरून तिरपा परतणारा उजेड बराचसा एकाच प्रतलात कंप पावत असतो, आणि असा चश्मा नेमका तोच अडवतो. उभ्या रेषेपासून साधारण 53 अंशांच्या कोनात पाहिलं तर परावर्तन जवळजवळ पुसलं जातं. मावशीने मान थोडी वर-खाली केली आणि एका जागी थबकली. आकाश गेलं होतं. पाण्याखालच्या पायऱ्या दिसत होत्या, हिरवट शेवाळाच्या. एक, दोन, तीन, चौथी अंधुक. तिच्या त्या नळकांड्याएवढ्या नजरेत घाट खाली उतरत गेला. तिने चश्मा काढला, पुन्हा आकाश. घातला, पुन्हा पायऱ्या. असं किती वेळ चाललं होतं कोण जाणे.

1921 साली युरोपातून बोटीने परतताना सी. व्ही. रामन यांनी भूमध्य समुद्राकडे असंच पाहिलं होतं. समुद्राचा निळा रंग म्हणजे आकाशाचं प्रतिबिंब, असं तेव्हा मानलं जाई. रामन यांनी या चश्म्यासारखंच काम करणाऱ्या ध्रुवकाने ते प्रतिबिंब काढून टाकलं, तर निळाई गेली नाही, उलट गडद झाली. पाणी स्वतःच उजेड विखुरतं हे त्यांना तिथे पटलं, आणि त्या वाटेवर पुढे 28 फेब्रुवारी 1928 चा शोध आला. मी हे सांगत होते तेव्हा मावशी पायऱ्याच मोजत होती. नंतर म्हणाली, "मग माझं दुसरं सूत्र अर्धं चुकलं."

चुकलंच होतं. डोक्यावरून सरळ खाली येणाऱ्या उजेडापैकी शंभरातले जेमतेम दोन भाग पाणी परत देतं. बाकीचे आत जातात. किरण जसा तिरपा होत जातो तसं परत देणं वाढतं. म्हणून लांबचं पाणी आरसा असतं आणि पायाशी असलेलं पाणी खिडकी. वहीत दुसऱ्या सूत्रापुढे तिने लिहवून घेतलं : 'थोडं परत देतं. बाकीचं आत घेतं. किती ते पाहणारा कुठे उभा आहे त्यावर.'

संध्याकाळी पैठणला पोचलो. रात्रीचे थेंब घातले. तिला थेंबांनंतर पाच मिनिटं डोळे मिटून बसावं लागतं, नाकाच्या बाजूला बोट दाबून. त्या पाच मिनिटांत तिला बोललेलं आवडत नाही.

दिवस तिसरा : नाथसागर, पहाट

पौष पौर्णिमा होती. पैठणच्या पश्चिमेला जायकवाडीचा जलाशय, म्हणजे नाथसागर, आहे, सुमारे 10 किलोमीटर लांबीच्या बांधामागे अडलेली गोदावरी. गाव काठावर असल्यामुळे उगवता चंद्र पाण्यावर मिळत नाही, मावळता मिळतो. म्हणून पहाटे पाचला रिक्षा सांगून ठेवली होती.

पाणी दिसण्याआधी त्याचा गारवा अंगाला लागला. मग ते दिसलं, आणि पलीकडचा काठ नव्हताच. वारा अगदी थोडा. चंद्र पश्चिमेला खाली आलेला, किंचित पिवळसर, आणि त्याच्यापासून थेट आमच्या पायांपर्यंत उजेडाची वाट.

"माझ्या पायाशी येतेय," मावशी म्हणाली.

मी दहा-बारा पावलं बाजूला जाऊन उभी राहिले. वाट माझ्या पायाशी आली. तिला विचारलं, हलली का? नाही, तिच्याच पायाशी होती. आम्ही दोघी एकाच पाण्याकडे, एकाच चंद्राकडे पाहत होतो आणि दोघींना दोन वेगळ्या वाटा दिसत होत्या. याचं कारण साधं आहे. प्रत्येक लहान लाटेचा उतार हा एक तुकडा आरसा. ज्या तुकड्याचा कल चंद्राचा उजेड नेमका माझ्या डोळ्यांकडे वळवेल तेवढाच मला चमकताना दिसतो. मावशीसाठी चमकणारे तुकडे वेगळे. मी पाहत होते ती वाट माझ्याशिवाय तिथे नव्हती, आणि तरीही ती मी कल्पलेली नव्हती. चंद्र, लाटा आणि माझा डोळा, तिघांपैकी एक काढला तर ती राहत नाही.

साडेसहाच्या सुमाराला वारा पडला. पाणी काचेसारखं झालं, आणि वाट आखडत आखडत गेली. शेवटी लांब पाण्यात फक्त एक चंद्र उरला. गोल, अखंड, आणि आमच्यापासून दूर.

मला लहानपणापासून शिकवलेलं होतं की मन शांत झालं की त्यात सत्य उमटतं, लाटा उठल्या की ते मोडतं. पाणी खळबळलं की चंद्र फुटतो, हे तर खरंच. पण तो फुटतो तेव्हाच आपल्या पायापर्यंत येतो, हे मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मीही कधी पाहिलं नव्हतं. चांगदेवांना लिहिलेल्या 65 ओव्यांत ज्ञानेश्वर म्हणतात की लाटांची चोळी न उतरवताच पाणी उघडं असतं. मावशीने ती ओवी मला पूर्वी अनेकदा ऐकवली होती. अर्थ मला माहीत होता. त्या पहाटे तो मला दिसला. लाट पाण्याला झाकत नाही, कारण लाट म्हणजे पाणीच.

मावशीला वाट सगळी एकदम दिसत नव्हती. चंद्रापासून सुरुवात करून ती मान सावकाश खाली आणत होती, तुकड्या-तुकड्याने वाट उचलत, पायाशी पोचली की पुन्हा वर. चंद्र मावळेपर्यंत तिने हे केलं. त्यात तिला काही कमी मिळालं असं मला वाटत नाही.

दिवसा एकनाथांच्या समाधीचं दर्शन घेतलं आणि गोदेकाठी आपेगावला, ज्ञानेश्वरांच्या जन्मगावी, जाऊन आलो. दोन्हीकडे गर्दी होती. मावशीला गर्दीत कडेने येणारी माणसं दिसत नाहीत, ती दचकते. लवकर निघालो.

दिवस चौथा : लोणार

जालन्यावरून लोणारला पोचायला दुपार झाली. लोणारचं सरोवर या वाटेवर का, असं मला घरून निघताना अनेकांनी विचारलं होतं. ते संतांचं क्षेत्र म्हणून नाही, तर तिसऱ्या सूत्रासाठी. ती जागा मी निवडली होती.

बसाल्टच्या पठारावर उल्का आदळून झालेलं हे विवर, व्यास सुमारे 1.8 किलोमीटर. तळाशी खारं आणि सोड्याचं पाणी. काठावरून ते गर्द हिरवं दिसतं, आणि तो हिरवा आकाशाचा नाही; पाण्यातल्या सूक्ष्म शैवालांचा आहे. जून 2020 मध्ये हेच पाणी काही दिवस गुलाबी झालं होतं. उन्हाळ्यात पातळी खाली गेली, क्षार वाढले आणि खारट पाण्यात वाढणाऱ्या हॅलोआर्किया या सूक्ष्मजीवांनी आपला रंग त्याला दिला. पाऊस पडल्यावर रंग ओसरला.

धारेपर्यंत, म्हणजे जिथे गोड्या पाण्याचा झरा बाराही महिने पडतो तिथपर्यंत, मावशी माझा हात धरून आली. पुढे तळापर्यंतची वाट उतरणं तिला शक्य नव्हतं. "तू जा," म्हणाली, "आणि बघून मला सांग. नीट बघ."

कुणासाठी तरी बघायचं म्हटलं की बघणं बदलतं. मी एरवी ज्यावरून नजर फिरवून पुढे गेले असते ते सगळं मला लक्षात ठेवायचं होतं. झाडीत बुडालेली जुनी देवळं. काठावर चिखलाची पांढरट किनार. एक उग्र वास, आधी नकोसा, मग नाकाला सवयीचा. पाण्यावर ऊन पडलं होतं, पण आत काहीच दिसत नव्हतं; बोटभर खोलीवरच हिरवा पडदा. मी रुमालाचं टोक बुडवलं. वर आल्यावर तो रुमाल मावशीच्या हातात दिला. तिने बोटं एकमेकांवर चोळली. "बुळबुळीत आहे. साबणासारखं." क्षारांचं पाणी असंच लागतं.

मग मी तिला इतके दिवस राखून ठेवलेली गोष्ट सांगितली. हॅलोआर्किया कुळातल्या अनेक जीवांकडे उजेड पकडणारं एक जांभळं प्रथिन असतं. त्याचं नाव बॅक्टेरिओऱ्होडॉप्सिन, आणि ते काय आहे हे 1971 मध्ये उमगलं. त्याच्या गाभ्यात रेटिनल नावाचा एक लहान रेणू असतो, अ जीवनसत्त्वाचं एक रूप. उजेड पडला की हा रेणू आपला आकार बदलतो आणि त्या हालचालीवर त्या जीवाचं पोट चालतं. आता माणसाचा डोळा. आपल्या दृष्टिपटलातल्या पेशींत उजेड पकडणारं प्रथिन वेगळं आहे, पण त्याच्या गाभ्यात रेटिनलच. उजेड पडतो, रेणू वळतो, आणि तिथून आपलं दिसणं सुरू होतं. खाऱ्या तळ्यातल्या, डोळा नसलेल्या जीवाला आणि मावशीला उजेड एकाच रेणूच्या हाताने मिळतो.

तिने खूप वेळ काही विचारलं नाही. मग विचारलं, "माझ्या डोळ्यातला तो रेणू शाबूत आहे?"

शाबूत आहे. काचबिंदूत मरतात ते त्याच्यानंतरचे धागे, निरोप मेंदूकडे नेणारे. तिच्या डोळ्याच्या कडेलाही उजेड पोचतो, पाण्यातून जातो, रेणू वळतो. निरोप निघतो आणि वाटेत थांबतो.

"म्हणजे तिथे उजेड आहे, पाणीही आहे, दोघं भेटतातसुद्धा. आणि मला पत्ता नाही."

धारेचं पाणी पडत होतं. मला काहीतरी बोलायला हवं होतं असं तेव्हा वाटलं. तिला सूत्र मोडल्याचं दुःख झालं होतं की डोळ्याचं, हे मला आजही सांगता येणार नाही. ती उठली, धारेखाली हात धरला, आणि तळव्यावर पाणी फुटताना बघत राहिली. मान हलवत, तुकड्या-तुकड्याने.

दिवस पाचवा : रस्त्यावर

दिवसभर गाडी. मेहकर, जालना, मग लांबच लांब रस्ता पुण्याकडे. मावशी बहुतेक वेळ झोपली. एकदा जागी झाली तेव्हा वही काढायला सांगितली आणि तिसरं सूत्र खोडायला लावलं. त्याखाली काय लिहू विचारलं तर म्हणाली, काही नको, पान कोरं ठेव. चांगदेवांनीही ज्ञानेश्वरांना कोरंच पत्र पाठवलं होतं, मायना काय लिहावा ते कळेना म्हणून. आणि त्या कोऱ्या कागदाला उत्तर म्हणून 65 ओव्या आल्या. मी वही मिटली. खोडलेल्या सूत्रावर मी एकच रेघ मारली आहे, खालचं वाचता येईल अशी.

दिवस सहावा : आळंदी

1296 साली ज्ञानेश्वरांनी इथे समाधी घेतली. पहाटेच्या दर्शनाला रांग लहान होती. समाधीपाशी मावशीला पुजाऱ्यांनी थोडा जास्त वेळ उभं राहू दिलं. मग आम्ही इंद्रायणीच्या घाटावर आलो.

नदी पांढरी होती. काठापासून काठापर्यंत फेस. काही ठिकाणी गुडघाभर ढीग, वाऱ्याने सुटून पायऱ्यांवर येणारे. वरून सोडलेलं सांडपाणी आणि रसायनं, दुसरं काय. फोटो, बातम्या मी पाहिल्या होत्या. तरी प्रत्यक्ष बघताना माझ्या घशाशी राग आला आणि अजून तो तिथे आहे.

फेस पांढरा का दिसतो ते मला माहीत आहे. हजारो पातळ पापुद्रे उजेड सगळीकडे फेकतात, कुठलंच प्रतिबिंब धड राहत नाही. जवळून पाहिलं तर एकेका बुडबुड्यावर अख्खा उगवता सूर्य होता, भोवती इंद्रधनुष्याचे रंग. सुंदर होतं. मला ते सुंदर वाटू द्यायचं नव्हतं. नाथसागरावरची लाट पाण्याला झाकत नव्हती कारण ती पाणीच होती. हा फेस मात्र नदीचा नाही, तो आपण तिला घातलेला आहे, आणि हा उतरवल्याशिवाय खालचं पाणी उघडं नाही. ज्या नदीकाठी ती ओवी रोज कुणीतरी म्हणतं, तिथे हे आहे.

"पाणी आहे ना खाली?" मावशीने विचारलं.

ती हात घालायला निघाली होती, मी अडवलं. घाटावर पडलेली एक काठी घेऊन मी फेस दूर सारला. परातीएवढी जागा मोकळी झाली. काळं पाणी, आणि त्यात सकाळचं आकाश. मावशी वाकली, मान नेमकी तिथे आणली. तिला तेवढंच दिसतं, तेवढीच जागा, त्यामुळे क्षणभर तिच्यासाठी फेस नव्हताच.

मग कडा जवळ आल्या. मी पुन्हा सारला. पुन्हा आल्या. चार-पाच वेळा केलं तेव्हा ती म्हणाली, पुरे, साडेसात वाजले, थेंब.

ती पायरीवर बसली आणि तोंड वर केलं. मी डाव्या डोळ्यात घातला, मग उजव्या. उजव्या डोळ्यातला थेंब क्षणभर बुबुळावर तसाच राहिला आणि त्यात सूर्य होता, टाचणीच्या डोक्याएवढा. मावशीने पापणी मिटली, बोट नाकाच्या बाजूला दाबून धरलं. पाच मिनिटं मी काही बोलले नाही.